घेण्यास नकार

पहिला दणका खांद्यावर बसला तेव्हा डिंकभाऊंना वाटलं, वरून फळी पडली. वखारीत फळ्या उभ्या रचलेल्या असतात, एखादी कलते. पण लगेच दुसरा दणका पाठीत बसला, आणि फळी काही आपण होऊन दोनदा पडत नाही. ते वळले. समोर वखारवाला उभा होता. हातात मनगटाएवढा जाड दांडका, शर्टावर भुसा, आणि डोळे असे की त्यांना डिंकभाऊ दिसत होते की नाही याचीच शंका यावी.

"कागद खाली ठेवा," वखारवाला म्हणाला. "ठेवा, नाहीतर हात मोडीन."

"हात मोडलात तरी कागद तोच राहणार, मालक." एकतीस वर्षांत हे वाक्य इतक्यांदा म्हणून झालं होतं की पाठ ठणकत असतानाही ते न अडखळता बाहेर आलं. "कोर्टाचं वॉरंट आहे. तुमच्या आणि भागीदाराच्या भांडणात लवादाने निवाडा दिलाय. मोठी करवत आणि मागचं आवार त्यांच्या ताब्यात द्यायचंय. हरकत असली तर कोर्टात सांगा. मी नुसता हात आहे."

"कसला निवाडा? कधी झाला? मला कागद कुणी दिला?"

"कागद बजावलेला आहे."

"कुणी बजावला? नाव सांगा."

डिंकभाऊंनी वॉरंटाला टाचलेला जुना अहवाल त्याला दाखवायला म्हणून उलटला. तारीख चौदा महिन्यांपूर्वीची. 'मालक स्वतः हजर. निवाड्याची प्रत घेण्यास नकार. सबब दारावर डकवली.' अक्षर ओळखीचं होतं. खालची सहीही त्यांचीच होती.

त्यांनी मान वर करून फाटकाकडे पाहिलं. निळ्या पत्र्याचं फाटक, खालचा कोपरा गंजाने उंदीर लागल्यासारखा कुरतडलेला. हजारो दारांमधलं एक दार एकाएकी आठवलं. तेवढ्यात तिसरा दणका मनगटावर बसला. कागद भुशात पडले, आणि बरोबर आलेल्या हवालदाराने वखारवाल्याला मागून मिठी मारून धरलं.

"तीन महिन्यांत हरकत घ्यायची म्हणतात," वखारवाला त्या मिठीत धडपडत होता, "अहो, पण कशावर घ्यायची? हवेवर?"

त्या दिवशी ताबा मिळाला नाही. वखारवाला दुसऱ्याच दिवशी वकील घेऊन कोर्टात गेला आणि त्याने हरकत दाखल केली. तीन महिन्यांची मुदत संपून अकरा महिने झाल्यावर.

*

डिंकभाऊंचं खरं नाव हजेरीपुस्तकापुरतं उरलं होतं. तरुणपणी डिंकाचा डबा काखोटीला मारून ते दारोदार नोटिसा डकवत हिंडायचे, तेव्हा कुणीतरी हे नाव चिकटवलं, आणि ते निघालं नाही. बेलिफाची नोकरी. निकाल कितीही सभ्य भाषेत लिहिलेला असो, शेवटी कुणाच्या तरी घरात शिरून, कुणाच्या तरी हातातून काहीतरी ओढून आणावं लागतं. ज्याचं जातं तो न्यायाधीशाला मारू शकत नाही, वकिलाला मारू शकत नाही. समोर येतो बेलिफ. वड्याचं तेल वांग्यावर.

त्यांच्या अंगावर त्या नोकरीचा सगळा इतिहास होता. मानेवरचा डाग एका बाईने फेकलेल्या उकळत्या पाण्याचा. समोरचे दोन दात एका गॅरेजवाल्याच्या पान्याने गेलेले. पोटरीला तीन वेगवेगळे कुत्रे. एक निवृत्त शिक्षक, इतका सभ्य माणूस की त्याने आधी बसायला खुर्ची दिली, आणि मग दंडात पेन खुपसलं. डिंकभाऊ हे किस्से रंगवून सांगत. कोर्टाच्या कँटीनमध्ये त्यांच्या टेबलाशी गर्दी असायची.

घरी मात्र एकच प्रश्न असायचा. त्याही संध्याकाळी बायकोने दार उघडता उघडता विचारलं, "आज काय आणलंत? टाके की नुसती सूज?"

"सूज."

तिने शर्ट काढून पाठ पाहिली आणि गरम पाण्याची पिशवी भरून आणली. "कोण होता?"

"एक वखारवाला. कागदच मिळाला नाही म्हणतो."

"सगळे तेच म्हणतात."

"हो. सगळे तेच म्हणतात," डिंकभाऊ म्हणाले, आणि जेवायला बसले ते दोन घास खाऊन उठले.

त्यांना सगळं आठवलं होतं. त्या दिवशी पिशवीत तेवीस कागद होते आणि पोटरीला ताजं बँडेज. निळ्या फाटकाशी राखणदार बसला होता. म्हणाला, मालक नाहीत, बाईंना मोठ्या हॉस्पिटलात नेलंय, दुसऱ्या गावी, कधी येतील सांगता येत नाही. डिंकभाऊ म्हणाले, मग तू घे. राखणदार म्हणाला, मी कशाला घेऊ, माझ्या गळ्यात पडेल. शब्दाने शब्द वाढला. डिंकभाऊंनी त्याला आईवरून शिवी दिली. राखणदाराने दोन्ही हातांनी असा धक्का दिला की ते ओंडक्यांच्या ढिगावर उताणे पडले आणि तळहातात खिळा घुसला.

मालक नाहीत असं लिहिलं तर नियमाप्रमाणे आणखी दोनदा यावं लागलं असतं. त्याच फाटकाशी, त्याच माणसासमोर. नकार दिला असं लिहिलं की कागद तिथल्या तिथे बजावला गेला. डिंकभाऊंनी रक्ताळलेल्या हाताने प्रत फाटकावर डकवली, मांडीवर वही ठेवली आणि लिहिलं, मालक स्वतः हजर. राखणदाराने नकार दिलाच होता, असं त्यांनी स्वतःला बजावलं. हात दुखत होता, राग होता, आणि बावीस कागद अजून वाटायचे होते. तेवढ्यावर ते विसरून गेले.

*

हरकतीची सुनावणी झाली तेव्हा न्यायाधीशबाईंच्या पुढ्यात त्या दिवशीची ती सहावी हरकत होती.

"निवाडा झाला तेव्हा गप्प," त्या म्हणाल्या. "मुदत संपली तेव्हा गप्प. आणि ताबा द्यायची वेळ आली की हरकत. रोज हेच चाललंय. कोर्टाने किती थांबायचं?"

"वरातीमागून घोडं, बाई," भागीदाराचा वकील बसल्याबसल्या म्हणाला.

वखारवाला उभा होता. आज त्याने धुतलेला शर्ट घातला होता, पण नखांमध्ये लाकडाचा काळेपणा तसाच होता. "करवत माझ्या बापाची आहे, बाई. भागीदारी व्हायच्या आधी बारा वर्षं ती तिथे उभी होती. तिचा कागद मी लवादाला दाखवला होता. त्यांनी ती भागीदारीत धरली."

"असेल. कदाचित तुमचं खरंही असेल. हे तीन महिन्यांत सांगितलं असतंत तर मी ऐकलं असतं."

"मी गावातच नव्हतो. बायको हॉस्पिटलात होती."

"हॉस्पिटलचे हे कागद तुमच्या पत्नीच्या नावाचे आहेत. तुम्ही त्या दिवशी तिथेच होता, हे यातून कुठे दिसतं? आणि बेलिफाचा अहवाल सांगतो, तुम्ही वखारीत होता." त्यांनी डिंकभाऊंना पुढे बोलावलं. "हा अहवाल तुमचा?"

"माझा."

"मालक स्वतः हजर होते?"

खोलीत पंखा फिरत होता. बाजूला नाझर उभे होते, बेलिफांचे वरिष्ठ, आणि डिंकभाऊंचे वीस वर्षांचे मित्र. त्यांनी डिंकभाऊंकडे पाहिलंही नाही, इतकी त्यांना खात्री होती. निवृत्तीला पाच महिने उरले होते.

"होय," डिंकभाऊ म्हणाले.

हरकत फेटाळली गेली. मुदतीनंतरची हरकत ऐकता येत नाही, एवढं एका ओळीचं कारण.

बाहेरच्या व्हरांड्यात वखारवाला त्यांच्याकडे आला. तो ओरडला नाही. त्याने डिंकभाऊंचा गळा एका हाताने धरला, त्यांचं डोकं भिंतीवर टेकवलं आणि अगदी हळू बोलू लागला, जणू एखादी खाजगी गोष्ट सांगायची होती.

"त्या दिवशी तिच्या पोटात नळ्या होत्या. मी तिच्या उशाशी होतो. चार महिने होतो. मग ती गेली. तुम्ही मला कुठे पाहिलंत?"

डिंकभाऊंना श्वास घेता येत नव्हता. डोळ्यांपुढे काजवे चमकत होते आणि त्या काजव्यांमागे तो चेहरा, दाढी नीट न केलेला. तिघांनी मिळून ती बोटं सोडवली. कोर्टाचा शिपाई पोलिसांना बोलवायला धावला, तेव्हा डिंकभाऊ खोकत म्हणाले, "राहू दे. जाऊ दे त्याला." कँटीनमध्ये याचीही गोष्ट झाली, आपले डिंकभाऊ किती मोठ्या मनाचे. त्या दिवशी ते कँटीनमध्ये गेले नाहीत.

*

दुसरं वॉरंट घेऊन ते गेले ते सकाळी दहाला. या वेळी हवालदाराबरोबर दोन शिपाई होते. भागीदार आपली आठ माणसं घेऊन आला होता, पहारी, साखळदंड आणि करवत उचलून न्यायला ट्रक. भागीदार गोरापान, हसतमुख माणूस. त्याने डिंकभाऊंना विचारलं, "चहा घेणार?"

वखारीचं फाटक आतून बंद होतं. डिंकभाऊंनी वॉरंट मोठ्याने वाचलं. आतून उत्तर आलं नाही. हवालदाराने मान हलवली आणि भागीदाराच्या माणसांनी पहारी लावून फाटक बिजागरीतून उखडलं. पत्रा किंचाळत खाली आला, आणि त्याच्यामागे राखणदार उभा होता, तोच, हातात कुऱ्हाडीचा दांडा.

त्याला बोलायलाही मिळालं नाही. पुढच्या माणसाने पहार आडवी फिरवली ती त्याच्या गुडघ्यावर. ओली फांदी मोडावी तसा आवाज झाला. राखणदार बसला, आणि आपला पाय भलत्याच दिशेला वळलेला पाहून नुसता "अरे, अरे" म्हणत राहिला. ते पाहून आतले चार कामगार ओंडक्यांवरून उड्या मारत आले. मग कोण कुणाला मारतंय ते कळेना. एका कामगाराने फळीचा कोपरा एकाच्या तोंडावर मारला आणि त्याचे दात भुशात सांडले. एकाला दोघांनी पाडून लाथांनी तुडवलं. पोलीस शिपाई काठ्या फिरवत होते, पण समोर येईल त्याला. भुसा इतका उडाला होता की माणसं खोकत खोकत एकमेकांना मारत होती. भागीदार ट्रकच्या आडोशाने ओरडत होता, "मशीनला धक्का लागू देऊ नका, मशीनला."

डिंकभाऊ भिंतीला लागून उभे होते. वॉरंट छातीशी धरलेलं. एवढ्या वर्षांत त्यांनी मार खाल्ला होता, पण असं रणकंदन पाहिलं नव्हतं. आणि प्रत्येक दणक्यागणिक त्यांना एकच वाटत होतं, हे माझ्या एका ओळीने चाललंय.

मग करवत सुरू झाली.

शेडच्या मध्यभागी ती उभी होती, दोन माणसं उंच, वर एक चाक, खाली एक चाक आणि मध्ये दातेरी पट्टा. त्या आवाजाने मारणारे हात क्षणभर थांबले. वखारवाला बटणापाशी होता. तो भागीदाराकडे गेला नाही. सरळ भिंतीकडे आला, डिंकभाऊंची कॉलर धरली आणि त्यांना ओढत करवतीच्या टेबलाशी नेलं. सत्तावन्न वर्षांच्या माणसाचे पाय भुशात दोन रेघा ओढत गेले. त्याने त्यांचा उजवा हात मनगटात धरून टेबलावर दाबला. पट्टा बोटांपासून वीतभर लांब होता. वाऱ्याची थंड रेघ डिंकभाऊंच्या नखांना लागत होती.

"सांग," वखारवाला म्हणाला. "मोठ्याने सांग. त्या दिवशी मी कुठे होतो?"

हवालदार ओरडला, "सोड त्यांना!"

"सांग. मला दुसरं काही नको. एवढंच सांग."

हात इंचभर पुढे सरकला. "नव्हता," ते म्हणाले. मग ओरडले, करवतीच्या वर आवाज काढून ओरडले, "नव्हता तुम्ही! राखणदार होता. तुम्ही हॉस्पिटलात होता. मी खोटं लिहिलं."

वखारवाल्याने त्यांच्याकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावरचं सगळं एकदम उतरलं, भरलेलं पोतं खाली ठेवल्यावर खांदे उतरतात तसं. मनगटावरची पकड सुटली. त्याने हात मागे घेतला आणि बटणाकडे वळू लागला. डिंकभाऊंना हे स्वच्छ दिसलं, तो करवत बंद करायलाच वळला होता.

त्याच क्षणी हवालदाराची काठी मागून त्याच्या डोक्यात बसली. वखारवाला फिरला आणि सगळ्या वजनानिशी डिंकभाऊंच्या कोपरावर कोसळला. हात पुढे गेला. दुखलं नाही. डिंकभाऊंनी फक्त पाहिलं, टेबलावर दोन बोटं होती आणि ती त्यांच्या हाताला नव्हती.

मग रक्त आलं. शुद्ध जाण्यापूर्वी त्यांनी पाहिलं, की पडलेल्या वखारवाल्याला हवालदार अजून मारत होता, कानशिलात, बरगड्यांत, आणि तो हात वर करत नव्हता.

*

हॉस्पिटलात पोलिसांचा एक अधिकारी जबाब घ्यायला आला. तरुण होता, आदराने बोलत होता.

"काका, काळजी करू नका. तुम्ही तिथे जे बोललात ते धाकाने बोललात. ते कुणी धरणार नाही. आणि त्याने तुमचा हात मुद्दाम करवतीत घातला, असं मी लिहितो. खुनाचा प्रयत्न. हवालदारही तेच सांगतायत. खाली डाव्या अंगठ्याचा ठसा चालेल."

डिंकभाऊंनी त्याच्या हातातल्या कागदाकडे पाहिलं. "आज डोकं चालत नाही," ते म्हणाले. "उद्या लिहू."

संध्याकाळी नाझर आले. फळं आणली होती. बायको खिडकीशी बसली होती, तिच्या देखतच ते बोलले, कारण ती ऐकून गप्प बसणारी बाई आहे असं त्यांना वाटत होतं.

"बोललात ते बोललात. करवतीपुढे कुणीही काहीही बोलेल. आता निवृत्तीपर्यंत गप्प राहा."

"ते खरं होतं, साहेब."

"खरं आहे ते मला माहीत नाही?" नाझर चिडून म्हणाले. "आपण सगळेच लिहितो. तेवीस कागद, दोन पाय. मी बेलिफ होतो तेव्हा मीही लिहायचो. तुम्ही एक उघडा पाडलात तर पन्नास उघडे पडतील. आणि उपयोग काय? करवत गेली. भागीदाराने तिचे भाग सुटे करून नेले. बैल गेला अन् झोपा केला, त्यातली गत."

नाझर गेल्यावर बायको फळाची साल काढायला बसली.

"म्हणजे तो माणूस उगाच मारत नव्हता," ती म्हणाली.

"मारणं बरोबर होतं म्हणतेस?"

"बरोबर नव्हतं. पण उगाचही नव्हतं." तिने सुरी खाली ठेवली. "इतकी वर्षं तुमची पाठ शेकली मी. दरवेळी म्हणायचे, माझा माणूस प्रामाणिकपणे कागद पोचवतो आणि लोक जनावरासारखे मारतात. तुम्ही मला हेही नाही सांगितलंत."

"लाज वाटली."

"मग अजून थोडी आहे म्हणायची." आणि तिने फोड त्यांच्या डाव्या हातात दिली, कारण उजवा पांढऱ्या पट्ट्यांत गुंडाळलेला होता.

दुसऱ्या दिवशी अधिकारी आला. डिंकभाऊ म्हणाले, "त्याने माझा हात सोडला होता. तो मशीन बंद करायला वळला होता. हवालदाराने मारलं म्हणून तो पडला." अधिकाऱ्याने पेनचं टोपण लावलं. त्याचा आदर जरासा कमी झाला होता. "काका, हे मी लिहिलं तर माझाच माणूस अडकतो. तुम्हाला सांगायचंच असेल तर कोर्टात सांगा."

*

टाके निघाले त्याच आठवड्यात डिंकभाऊ बायकोला घेऊन कोर्टात गेले. प्रतिज्ञापत्र त्यांनी घरीच तयार केलं होतं, त्यांनी सांगितलं आणि बायकोने लिहिलं. दोन पानं. पहिल्या पानावर निळ्या फाटकावर प्रत डकवली तो दिवस, दुसऱ्यावर करवतीपुढचा क्षण. शेवटी सही त्यांनी डाव्या हाताने करायची होती, कारकुनासमोर.

पुढे त्या दोन पानांचं जे व्हायचं ते झालं. न्यायाधीशबाईंनी हरकत पुन्हा ऐकायला घेतली, आणि लेखी नोंदवलं की हा उशीर कोर्टाच्याच माणसाने घडवला. खुनाच्या प्रयत्नाचं कलम गेलं. राखणदाराचा पाय कायमचा आखडला, हवालदाराची बदली झाली, आणि करवतीचा वाद ती भंगारात असताना अजून दोन वर्षं चालला. डिंकभाऊंना निवृत्तीआधीच नोकरीतून काढलं. पण हे सगळं नंतर. त्या सकाळी काम अडलं ते एका साध्या गोष्टीवर.

कारकुनाने डाव्या हाताची वेडीवाकडी सही पाहिली, मग फाइलमधली जुनी सही पाहिली. "जुळत नाही," तो म्हणाला.

"कशी जुळेल?" डिंकभाऊंनी उजवा हात दाखवला.

"मला दिसतंय हो. पण नियम आहे. सही जुळत नसेल तर ओळख पटवायला कुणीतरी सही करायला हवी. जो तुम्हाला ओळखतो असा माणूस."

"तूच ओळखतोस की. अकरा वर्षं."

कारकून कागद सारखे करू लागला. "मला करता येत नाही, डिंकभाऊ. मी कागद दाखल करून घेणारा आहे."

डिंकभाऊ वळले. खोलीत सात टेबलं होती. सगळ्यांना त्यांनी त्यांचे किस्से ऐकवले होते, यातल्या तिघांच्या लग्नात जेवले होते. दोन पानांत काय आहे हे एव्हाना साऱ्या इमारतीला माहीत होतं. एकाला फोन आला. एक जण कपाटातलं काहीतरी शोधायला लागला. नाझर आपल्या दारात उभे होते. त्यांनी आत जाऊन दार लावून घेतलं.

"बाहेरचा कुणी आणा," कारकून हळूच म्हणाला. "वहिनींची सही चालत नाही. नात्यातला नको."

दाराजवळच्या बाकावर एक पोलीस शिपाई बसला होता आणि त्याच्या मनगटाला बेडीने बांधलेला वखारवाला. त्याची त्या दिवशी तारीख होती. डोक्यावर टाक्यांची खूण, एक कान सुजून बंद झालेला. तो इतका वेळ जमिनीकडे पाहत होता. आता त्याने मान वर केली आणि चांगला कान या बाजूला केला.

"काय पाहिजे त्यांना?" त्याने शिपायाला विचारलं.

"ओळखणारा माणूस."

वखारवाला उठला. त्याच्याबरोबर शिपायालाही उठावं लागलं. दोघं टेबलापर्यंत आले. जवळ आल्यावर डिंकभाऊंचं अंग आपोआप आक्रसलं, खांदा कानाशी गेला. ते वखारवाल्याने पाहिलं. तो एक पाऊल मागे सरकला, आणि तिथूनच त्याने हात पुढे केला.

"मी ओळखतो यांना," तो कारकुनाला म्हणाला. "कुठे करायची सही?"

कारकुनाने वर पाहिलं, दाराकडे पाहिलं, कुणी आलं नाही तेव्हा जागा दाखवली आणि पेन पुढे केलं. वखारवाला वाकला. बेडी आखूड होती. तो लिहू लागला तसा शिपायाचा हातही त्याच्या हाताबरोबर कागदावरून सरकत गेला, एकेका अक्षरागणिक, आणि शेवटच्या अक्षरावर दोन्ही हात एकदम थांबले.